आईच्या चौकातली देवी काढली आणि तिथं बिल्डिंग बसवली

वाचकांचे प्रश्न, वकीलताईंची उत्तरं

यावेळी आलेल्या पत्रांमधली चार एकाच विषयावरची निघाली, कुणी ठरवून पाठवलेली नाहीत, एक विट्याहून, एक साताऱ्याहून, एक मिरजेजवळून आणि एक जत तालुक्यातून. म्हणून बांधाचे, वाटणीचे, भाडेकरूचे प्रश्न पुढच्या अंकात घेते, कृपा करून रागावू नका.

प्रश्न: ताई नमस्कार. मी मूळची तलासरीकडची, वारली समाजातली. नऊ वर्षं झाली खानापूर तालुक्यात झेडपीच्या शाळेवर शिक्षिका आहे, राहते विट्यात. माझ्या लग्नात आईने आणि मावशीने घराच्या भिंतीवर चौक, म्हणजे लग्नातलं चौकोनी चित्र, लिहिला होता (आमच्यात चौक काढला म्हणत नाहीत, लिहिला म्हणतात). भिंत काही सासरी नेता येत नाही म्हणून आईने नंतर तसाच चौक गेरू दिलेल्या कापडावर तांदळाच्या पिठाने लिहून दिला, मध्ये पालघट देवी, बाजूला तारपा नाच (तारपा म्हणजे आमचं फुंकून वाजवायचं वाद्य). तो माझ्या घरात लावलेला आहे. दोन वर्षांपूर्वी लग्नाच्या वाढदिवसाला मी त्याचा फोटो इन्स्टावर टाकला. मागच्या महिन्यात सांगली-मिरज रोडला एका हाउसिंग स्कीमचं होर्डिंग दिसलं आणि मी गाडी बाजूला घेऊन बघतच राहिले, तो आईचाच चौक आहे. देवी काढून टाकलीय आणि तिच्या जागी त्यांच्या बिल्डिंगचा फोटो बसवलाय. लिहिताना आईच्या काडीवरून एक थेंब तारपावाल्याच्या पायाशी पडला होता, तो थेंबसुद्धा होर्डिंगवर आहे. त्यांच्या ऑफिसला फोन केला तर म्हणाले मॅडम ही लोककला आहे, ती सगळ्यांचीच असते, उलट तुमच्या कलेचा प्रचार होतोय. नवरा म्हणतो सोडून दे, आपण नोकरदार माणसं. आईला अजून सांगितलेलं नाही, कसं सांगू तेच कळत नाही. काही कायदा आहे का?
– एक शिक्षिका, विटा

उत्तर: ताई, कायदा आहे, आणि तुमच्या बाबतीत तर बऱ्यापैकी पक्का आहे.

पण आधी माझं एक सांगते. वकिलीत यायच्या आधी चार वर्षं मी सांगलीत एका प्रेसमध्ये डीटीपी करायचे. कोरल ड्रॉमध्ये वारलीची एक तयार फाईल होती, तारपा, बैलगाडी, झाड, मोर, सगळं, आणि लग्नपत्रिका असो नाहीतर हळदीच्या पाकिटाचं लेबल, कोपरा रिकामा दिसला की त्यातलं एक जोडपं उचलायचं आणि तिथं ठेवायचं. ती चित्रं मुळात कुणाची, हे चार वर्षांत मी एकदाही विचारलं नाही. तुमचं पत्र वाचताना ते सगळं डोळ्यासमोर येत होतं आणि फार वाईट वाटलं, त्यामुळे हे उत्तर लांबणार आहे.

तुमच्या फोनवर जो माणूस बोलला त्याने दोन वेगळ्या गोष्टी एकत्र कालवल्या. वारली ही शैली, म्हणजे त्रिकोणांची माणसं, गेरूवर पांढरं, ही कुणा एकाच्या मालकीची नाही आणि नुसत्या शैलीवर कॉपीराइट मिळत नाही, इथपर्यंत त्याचं बरोबर आहे. पण तुमच्या आईने त्या कापडावर जे लिहिलं ते एक ठरावीक चित्र आहे, ते एका बाईने स्वतःच्या हाताने केलंय, आणि १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात असं चित्र पूर्ण झालं त्या क्षणी हक्क तयार होतो. नोंदणी लागत नाही, सही लागत नाही, आर्ट स्कूलचं सर्टिफिकेट तर नाहीच नाही. आई हयात असेपर्यंत आणि त्यानंतर ६० वर्षं तो हक्क राहतो. आणि इन्स्टावर टाकलं म्हणजे वाटेल त्याने घेऊन जाहिरातीत छापावं असं होत नाही, तुम्ही घरच्यांना मित्रांना दाखवायला टाकलं होतं.

तो थेंब सांभाळा. खरंच सांगते, या सगळ्या पत्रात मला सगळ्यात भारी पुरावा तोच वाटतो, कारण उद्या समोरचा म्हणेल आमच्या डिझायनरने स्वतः काढलंय, वारली सगळी सारखीच दिसतात, पण हातून पडलेला थेंब दोन माणसांच्या चित्रात एकाच पायाशी पडत नाही.

आता देवीचं. कलम ५७ मध्ये कलाकाराला दोन हक्क दिलेत जे चित्र विकलं तरी त्याच्याकडेच राहतात, एक म्हणजे हे माझं आहे असं म्हणायचा, आणि दुसरा म्हणजे त्याच्या मानाला धक्का लागेल अशी मोडतोड कुणी केली तर ती थांबवायचा आणि भरपाई मागायचा. दिल्लीच्या विज्ञान भवनात अमरनाथ सहगल यांचं ब्राँझचं मोठं म्युरल होतं, सरकारने पैसे देऊन करून घेतलेलं, १९७९ मध्ये ते उखडून गोडाऊनला टाकलं. सहगल कोर्टात गेले आणि २००५ मध्ये दिल्ली हायकोर्टाने म्युरलचे उरलेले भाग त्यांना परत द्यायला लावले आणि वर पाच लाख भरपाई दिली. तिथं मालक सरकार होतं तरी ही गोष्ट झाली. तुमच्याकडे तर चौकातली पालघटच काढून टाकलीय. जिच्यासाठी सवासिनी चौक लिहितात, लग्न लावणारी धवलेरी गाणी म्हणते, जिच्याशिवाय लग्न लागत नाही, तिच्या जागी विकायचे फ्लॅट. कोर्टात हा मुद्दा नीट मांडा, नुसता फोटो चोरला एवढंच म्हणून थांबू नका.

आता काय करायचं ते सांगते. ऑफिसला परत फोन करू नका, बोलण्यात आपणच काहीतरी कबूल करून बसतो. होर्डिंगचे फोटो काढा, लांबून आणि जवळून, आजूबाजूचं दुकान किंवा चौक दिसेल असे, एक व्हिडिओ पण, कारण नोटीस गेल्यावर होर्डिंग रात्रीत उतरतं. खाली कोपऱ्यात जाहिरात एजन्सीचं नाव बारीक अक्षरात असतं ते टिपा. त्यांचं ब्रोशर मिळालं तर घ्या, पेजचे स्क्रीनशॉट घ्या, तुमच्या इन्स्टा पोस्टची तारीख दिसेल असा पण घ्या, आणि मूळ कापड कुणालाही देऊ नका, पोलिसांना दाखवायचं तरी पोच घेऊन. मग बिल्डर आणि एजन्सी दोघांनाही वकिलाकडून नोटीस. त्यात काय मागायचं तर सगळीकडून चित्र काढा, लेखी माफी द्या, ज्या मीडियात जाहिरात चालली तिथंच ती छापा, आणि वापराचे पैसे द्या. ऑनलाइन जिथं आहे तिथं त्या त्या कंपनीला लेखी तक्रार केली की २०१३ च्या कॉपीराइट नियमांप्रमाणे ३६ तासांत ते बंद करावं लागतं, पण पुढच्या २१ दिवसांत तुम्ही कोर्टाचा आदेश आणला नाही तर ते परत सुरू होऊ शकतं, म्हणून ही तक्रार नोटीस तयार ठेवूनच करा. दाव्याला तीन वर्षांची मुदत असते, तेवढं थांबू नका. कलम ६३ खाली हा फौजदारी गुन्हा पण आहे, सहा महिन्यांपासून तीन वर्षांपर्यंत शिक्षा. माझ्या अनुभवात मात्र पहिल्या नोटिशीलाच बरीच माणसं बोलायला येतात.

आणि हो, होर्डिंगवाल्यांचा नेहमीचा डायलॉग असतो की पब्लिकमध्ये होतं म्हणून घेतलं. मुंबईत एका इमारतीच्या भिंतीवरचं म्युरल एका विमा कंपनीने असंच आपल्या होर्डिंगवर घेतलं होतं, २०२३ मध्ये दिल्ली हायकोर्टाने प्रथमदर्शनी ही जाहिरातच आहे असं म्हणून ऑनलाइन पोस्ट काढायला लावल्या.

आता आईला कसं सांगायचं. सांगावंच लागेल ताई, कारण हक्क तिचा आहे, तुमचा नाही. नोटीस तिच्या नावाने, दावा तिच्या नावाने. चांगली गोष्ट अशी की कॉपीराइटचा दावा कलाकार राहतो त्या जिल्ह्यातही लावता येतो, त्यामुळे तिला सांगलीला खेटे घालायची गरज नाही, पालघरलाच चालेल. फीची काळजी नको, जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अनुसूचित जमातीच्या माणसाला आणि कुठल्याही बाईला मोफत वकील मिळतो, उत्पन्न विचारत नाहीत, तुमची आई दोन्हीत बसते. नवऱ्यालाही सांगा की नोकरदार बाईने आईच्या वतीने आईच्या हक्कासाठी कागद केला तर त्यात नोकरीवर काही येत नाही.

ऑस्ट्रेलियातली एक गोष्ट आईला सांगा. १९६६ मध्ये तिथं डॉलरच्या नव्या नोटा निघाल्या, एक डॉलरच्या नोटेवर तिथल्या मूळ रहिवाशांचं झाडाच्या सालीवरचं एक चित्र छापलं. बँकेतल्या लोकांनी धरून चाललं की हे कुठल्या तरी जुन्या अनामिक कलाकाराचं असणार. प्रत्यक्षात ते डेव्हिड मलांगी या जिवंत माणसाचं चित्र होतं, अर्नहेम लँडमध्ये राहणाऱ्या, आणि चित्रातला प्रसंग त्यांच्या पूर्वज शिकाऱ्याच्या अंत्यविधीचा. देशभराच्या खिशात ती नोट फिरली तरी त्यांना कुणी विचारलेलं नव्हतं. बोभाटा झाल्यावर रिझर्व्ह बँकेच्या गव्हर्नरने त्यांना हजार डॉलर, मासेमारीचं सामान आणि एक पदक दिलं. मला यात सगळ्यात जास्त काय लागतं तर तो शब्द, अनामिक. चित्राखाली नाव दिसलं नाही की आपण समजतो माणूसच नाही. तिथल्या कलाकारांनी मग हळूहळू कोर्टाची वाट धरली. १९९४ मध्ये त्यांची चित्रं व्हिएतनाममध्ये गालिच्यांवर विणून ऑस्ट्रेलियात विकली म्हणून आठ कलाकारांच्या बाजूने निकाल लागला, १ लाख ८८ हजार डॉलरच्या वर भरपाई, आणि पवित्र चित्र लोकांच्या पायाखाली आलं याने समाजात त्या कलाकारांची जी मानहानी झाली तीसुद्धा कोर्टाने भरपाईत धरली. त्यातले काही कलाकार तोवर वारलेही होते.

आपल्याकडेही समाज गप्प बसला असं नाही. २०१० च्या दिवाळीत कोका-कोलाच्या जाहिरातीत वारली चित्रं आली तेव्हा डहाणूकडच्या आदिवासी युवा सेवा संघाने कायदेशीर नोटीस पाठवली होती, आणि २०१४ मध्ये याच संघाच्या नावावर वारली पेंटिंगला जीआय, म्हणजे भौगोलिक मानांकन, मिळाला. तुमच्या नोटिशीची एक प्रत त्यांनाही पाठवा. तुमचा लढा कॉपीराइटचा, त्यांचा जीआयचा, कलमं वेगळी असली तरी राग एकच आहे.

प्रश्न: मॅडम, साताऱ्यात पोवई नाक्याजवळ माझं छोटं डिझाईनचं ऑफिस आहे. महाबळेश्वर, कास, बामणोली साईडचे रिसॉर्टवाले येतात आणि हमखास म्हणतात वारली टच द्या. मी स्टॉक साईटवरून पैसे भरून व्हेक्टर घेतो, चोरत नाही. आता एआय पण दोन मिनिटात काढून देतं. यात काही चुकतंय का, आणि चुकत असेल तर बरोबर काय?
– एक डिझायनर, सातारा

उत्तर: तुम्ही स्वतःहून विचारलंत, बरं वाटलं. स्टॉक साईटला पैसे भरले म्हणजे ज्याने ती फाईल अपलोड केली त्याचा प्रश्न मिटला, पण तो बहुतेक वेळा डहाणू-जव्हारचा नसतोच. कायद्याने तुम्ही तिथं बहुधा सुरक्षित आहात. एआयचं म्हणाल तर निघालेलं चित्र कुणाच्या खऱ्या चित्राशी जास्तच जुळलं तर भांडण तुमच्या दारात येणार, मशीनच्या नाही, आणि वारली पेंटिंग हे नाव जीआयमध्ये नोंदलेलं आहे, तेव्हा त्या नावाने असलं काही विकू तर अजिबात नका.

बरोबर काय म्हणाल तर रिसॉर्टवाल्याच्या बजेटमध्ये एका वारली कलाकाराचं मानधन धरा आणि चित्र त्याच्याकडूनच करून घ्या. अवघड नाहीये, पालघर जिल्ह्यातले कितीतरी कलाकार ऑर्डर घेतात, गंजाडच्या जिव्या सोमा म्हसेंना २०११ मध्ये पद्मश्री मिळाली, त्यांच्यामागून आलेली पिढी काम करतेय. पण कागद करताना एक खाच आहे ती लक्षात घ्या, कलम १७ प्रमाणे पैसे देऊन मुद्दाम काढून घेतलेल्या पेंटिंगचा कॉपीराइट, वेगळा करार नसेल तर, काढून घेणाऱ्याकडे जातो. म्हणजे बिचारा कलाकार रिसेप्शनची एक भिंत रंगवतो आणि नंतर तेच चित्र रिसॉर्टच्या मगवर, टी-शर्टवर, पाण्याच्या बाटलीवर येतं आणि त्याला काही बोलता येत नाही. तुम्ही मधले आहात, तुम्ही हे आधीच लेखी करून द्या की हक्क कलाकाराचा, रिसॉर्टला फक्त अमुक गोष्टीसाठी, अमुक वर्षांसाठी वापर. मुदत लिहिली नाही तर कायदा पाच वर्षं धरतो, कुठे वापरायचं ते लिहिलं नाही तर अख्खा भारत धरतो, म्हणून दोन्ही लिहा. कलाकाराचं नाव आणि त्याच्या पाड्याचं नाव ब्रोशरवर छापा. आणि कलाकाराला एक प्रश्न नक्की विचारा, यात काय काढायचं नाही? देवचौक, लग्नचौक हे जाहिरातीत नको म्हणाला तर तिथं थांबा, क्लायंटला भात लावणी, मासेमारी, जंगल काय कमी आहे दाखवायला.

प्रश्न: आमचं चार पिढ्यांचं चप्पल बनवायचं काम, मिरजेजवळ गाव. ते प्राडाचं, त्या परदेशी फॅशन कंपनीचं, गाजलं तेव्हा टीव्हीवाले आले, फोटो काढून गेले, आम्हाला काय मिळालं? आमची चप्पल कोल्हापुरी म्हणून विकायचा आमचा हक्क आहे का फक्त कोल्हापूरवाल्यांचा?
– एक कारागीर, मिरज तालुका

उत्तर: दादा, हक्क तुमचाही आहे आणि पूर्ण आहे. २०१९ मध्ये कोल्हापुरी चपलेला जीआय मिळाला त्यात महाराष्ट्रातले चार जिल्हे आहेत, कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, आणि कर्नाटकातले चार, बेळगाव, धारवाड, बागलकोट, विजापूर. नोंद दोन महामंडळांच्या नावावर आहे, आपलं संत रोहिदास चर्मोद्योग महामंडळ म्हणजे लिडकॉम आणि कर्नाटकचं लिडकर.

जून २०२५ मध्ये मिलानच्या शोमध्ये प्राडाने तशाच चपला चालवल्या आणि कोल्हापूरचं नाव नाही घेतलं, ओरड झाल्यावर प्रेरणा भारतीय चपलेची आहे हे मान्य केलं. मुंबई हायकोर्टात जनहित याचिका झाली ती जुलैमध्ये फेटाळली गेली, कारण जीआयचा नोंदणीकृत मालक ज्याला म्हणतात ती महामंडळं, याचिका करणारे वेगळेच. पुढे डिसेंबरमध्ये प्राडाने दोन्ही महामंडळांशी करार करून इथं दोन हजार जोड बनवून घ्यायचं जाहीर केलं. म्हणजे दार उघडलं ते नोंद होती म्हणूनच. पण त्या दारातून तुमच्यासारखा माणूस आत जातो का हे वेगळं, त्यासाठी जीआयचा अधिकृत वापरकर्ता म्हणून तुमचं स्वतःचं नाव लागलं पाहिजे, महामंडळाचं आहे म्हणजे आपोआप तुमचं लागत नाही. लिडकॉमच्या जिल्हा ऑफिसला जाऊन हा अर्ज करायचाय एवढंच सांगा, गावातल्या बाकीच्यांनाही बरोबर न्या, एकट्याने गेलं की चार खेपा होतात.

प्रश्न: वकीलताई, आमचं गजी मंडळ हाय, बिरोबाच्या यात्रेला ढोल-कैताळावर नाचतो. यंदा आरेवाडीला एक पोरगं कॅमेरा घेऊन आलं, आम्हाला वाटलं असंच शूटिंग चाललंय. आता एका तेल कंपनीच्या जाहिरातीत आम्ही नाचताना दिसतोय, वर दुसरंच गाणं लावलंय, आमचा ढोल पण नाय. कंपनीवाले म्हणतात तुमची फुकट पब्लिसिटी झाली. आम्ही काय कलाकार थोडंच हाय, शेरडं-मेंढरं राखणारी माणसं.
– गजी मंडळ, जत तालुका

उत्तर: आहात की कलाकार, कायद्यात लिहिलंय. कॉपीराइट कायद्यात सादरीकरण करणाऱ्यांची जी व्याख्या आहे त्यात गायक, नाचणारा, डोंबारी, गारुडी अशी सगळी माणसं घेतलीत आणि शेवटी जो कोणी कला सादर करतो तो, असंही म्हटलंय. मेंढरं राखून नाचणारा त्यात नाही असं कुठे लिहिलेलं नाही. तुमच्या नाचाचं रेकॉर्डिंग धंद्यासाठी वापरायचं तर तुमची परवानगी लागते आणि हा हक्क ५० वर्षं चालतो. यात्रेची बातमी दाखवली, कुणी घरी बघायला मोबाईलवर घेतलं, त्याला आपण काही म्हणत नाही, देवाच्या दारात कुणाला अडवायचं नाही. पण तेल विकायला वापरलं तर ती गोष्ट वेगळी. आणि तुमचा ढोल काढून दुसरं गाणं लावलं, बिरोबापुढचा नाच बाजारातल्या गाण्यावर नाचवला, त्यावर सुद्धा बोलता येतं, कलाकाराच्या मानाला धक्का लागेल असा बदल करायला मनाई आहे.

मंडळातल्या ज्यांचे चेहरे दिसतायत त्या सगळ्यांच्या सह्यांचं एक पत्र करा, जाहिरातीचा व्हिडिओ पेन ड्राईव्हवर घ्या, यात्रेत त्या दिवशी तुम्हीच नाचलात हे सांगणारे गावातले दोघं-तिघं बघून ठेवा आणि सांगलीला विधी सेवा प्राधिकरणात या, तिथं अर्ज फुकट होतो. ते पोरगं कुठलं होतं याचा शोध घेत बसू नका, पैसे कंपनीने कमावलेत, नोटीस कंपनीला जाऊ दे. आणि पुढच्या यात्रेला मंडळाचा जो बॅनर लावता त्याच्या खाली मोठ्या अक्षरात एवढं छापून घ्या: जाहिरातीसाठी शूटिंग करायचं असेल तर आधी मंडळाला विचारा.